पाडला कुणी?

कलावंताला बिघडवतो कोण, असा वाद आमच्याकडे चहाबरोबर निघाला, की मी मेक्सिकोच्या फर्नांदो दे फुएन्तेस यांचे नाव काढतो. या दिग्दर्शकाला कोणताच विषय वर्ज्य नव्हता. १९३३ साली लाचखाऊ कर्नलची शोककथा, तर १९३४ साली मठातले भूत!

१९३६ साली त्यांचे दोन चित्रपट झळकले. एकात पांचो व्हियाच्या फौजेत सामील झालेल्या सहा मित्रांची जिवाला चटका लावणारी कहाणी. तो साफ आपटला. दुसऱ्यात गाणी, घोडे, प्रेम. तो स्पॅनिश मुलखांत तुफान चालला. मग तशा चित्रपटांचे पीकच आले.

१९५८ साली फुएन्तेस वारले. १९९४ साली एका मेक्सिकन मासिकाने शंभर उत्तम चित्रपट निवडले. पहिला आला तो आपटलेलाच!

तो काढला त्यांनी. पाडला मात्र, वाचकहो, तुमच्याआमच्यासारख्या तिकीट काढणाऱ्यांनी.