रंग परत येण्याची वाट पाहू नकोस

प्रिय बाळा,



तुझं पत्र वाचलं. ओठांच्या कडेचे डाग आता गालांवर आणि कपाळावर आलेत, जुने फोटो बघवत नाहीत, मैत्रिणींकडे जाणं टाळतेस. आणि ज्याच्याशी लग्न करायचं मनात आहे त्याला ‘आधी मला बरी होऊ दे’ म्हणून थांबवून ठेवलंयस. या शेवटच्या वाक्यासाठी लगेच लिहायला बसले. विशीत मला कोड आलं तेव्हा घरात हेच चालायचं. सहल असो की लग्नकार्य, ‘रंग आला की बघू.’

कोडात शरीराची प्रतिकारशक्ती त्वचेला रंग देणाऱ्या पेशींवरच उलटते. ते स्पर्शाने पसरत नाही, कुष्ठरोगाशी त्याचा संबंध नाही, मासे आणि दूध एकत्र खाल्ल्याने ते होत नाही. उपचार आहेत. मलमं आहेत, 311 नॅनोमीटरच्या अतिनील किरणांचा शेक आहे. चेहऱ्यावर रंग परतण्याची शक्यता बरी असते. पण त्याला महिनोन्‌महिने लागतात, ओठ आणि बोटांची टोकं सहसा दाद देत नाहीत, आणि गेलेला डाग पुन्हा उमटू शकतो. म्हणून ‘बरी झाल्यावर’ला तारीख नसते. त्वचारोगतज्ज्ञांकडे जरूर जा. कुणी सांगितलं म्हणून बावची मात्र परस्पर लावू नकोस, उन्हात कातडी भाजते. पण उपचारांच्या निकालावर आपली माणसं टांगून ठेवायची नाहीत.

मैत्रिणींना विचारावं की नाही कळत नाही आणि तुला त्यांचं गप्प राहणं बोचतं. तूच एकदा मोकळेपणी सांग. माझ्या काही मैत्रिणी तेव्हा एकदम गोड बोलू लागल्या आणि हळूहळू दुरावल्या. एक मात्र पूर्वीसारखीच माझ्या डब्यातलं खात राहिली आणि पूर्वीसारखीच भांडत राहिली. कीव करणारी माणसं भांडत नाहीत. जिच्याशी अजून भांडता येतं, ती मैत्रीण धरून ठेव.

आता त्याच्याविषयी. डाग झाकून लग्न उरकण्याचा सल्ला कुणी दिला तर ऐकू नकोस. त्याला आणि त्याच्या घरच्यांना खरं सांग, हवं तर डॉक्टरांकडे सोबत ने. सुमित्रा भावे आणि सुनील सुकथनकर यांच्या 2006 सालच्या ‘नितळ’मधली नायिका कोड असलेली डॉक्टर आहे. तो सिनेमा दोघं मिळून बघा. तो नाही म्हणाला तर दुखेल, फार दुखेल. हो म्हणाला तर ‘त्याने पदरात घेतलं’ असं कुणालाही म्हणू देऊ नकोस. उपकाराखाली संसार होत नाही.

आणि रडू येत असेल तर रड. ‘दिसण्यात काय आहे’ म्हणणाऱ्यांना आपला ओळखीचा चेहरा हरवण्याचं दुःख ठाऊक नसतं. पण जुन्या फोटोतली मुलगी खरी आणि तू तिची बिघडलेली प्रत, असं मात्र समजू नकोस. तीही तूच आणि ही पण तूच. तुझी बुद्धी, तुझा फटकळपणा, तुझी माया यांतलं काहीही रंगाबरोबर गेलेलं नाही.

या रविवारीच त्याला भेट आणि सगळं सांग. मी सोबत हवी असेन तर फोन कर, येते.

तुझी,
मावशी