मूळ गाव

परमुलखात नोकरी करणाऱ्या माणसाला आपले मूळ गाव निदान कागदावर तरी जपावे लागते. प्रवास-सवलतीसाठी आम्ही एकदा ‘होम टाऊन’ लिहून देतो. मग बदली दिल्लीस होवो की शिलाँगला, तो रकाना सहसा बदलत नाही. आयर्लंडच्या गेलिक फुटबॉलचीही रीत बरीचशी अशीच आहे, हे कळले तेव्हापासून या दूरदेशीच्या खेळाविषयी मला आपुलकी वाटू लागली.

या खेळात प्रत्येक बाजूस 15 गडी असतात. चेंडू हाताने झेलावा, पायाने मारावा. आडव्या दांडीवरून गेला तर सहसा एक गुण, खालून जाळ्यात गेला तर गोल, म्हणजे तीन गुण. 1884 साली स्थापन झालेली त्यांची संघटना खेळाडूंना वेतन देत नाही. खेळाडू आधी आपल्या गावच्या संघाचा आणि मग आपल्या परगण्याचा. पोटासाठी तो कोठेही जावो, खेळायचे ते सामान्यतः मूळ गावासाठीच.

कॉर्मॅक मॅकअ‍ॅनालन हा टायरोन परगण्यातील एग्लिश गावचा. नोकरी शेजारच्या आर्मा परगण्यात, शिक्षकाची. 1998 साली तो अखिल आयर्लंड विजेत्या कुमार संघात होता. 2000 आणि 2001 साली एकवीस वर्षांखालील विजेत्या संघाचा कर्णधार होता. मैदानावर त्याची जागा मध्यभागी, जेथे प्रेक्षकांची दृष्टी खिळलेली असते.

2003 साली अल्स्टर प्रांताच्या अंतिम सामन्यात डाऊन संघाने टायरोनवर चार गोल केले आणि सामना बरोबरीत सुटला. तेव्हा प्रशिक्षक मिकी हार्ट यांनी मॅकअ‍ॅनालनला मध्यातून उचलून थेट गोलरक्षकासमोर उभे केले. ही बदलीच म्हणायची, आणि तीही मागच्या बाकावर! बचाव करणाऱ्याचे काम आम्हा कारकुनांच्या कामासारखे असते. ते नीट झाले की काही घडतच नाही, आणि जे घडले नाही त्याची नोंद कोण ठेवणार? फेरसामन्यात डाऊनला एकच गोल मिळाला. पुढे फर्मॅना, केरी आणि आर्मा या तिघांनाही एकही गोल करता आला नाही. डब्लिनच्या क्रोक पार्कवरील अंतिम सामन्यात टायरोनने आर्माला 12 विरुद्ध 9 गुणांनी हरवले आणि इतिहासात प्रथमच अखिल आयर्लंड विजेतेपद मिळविले. ज्या परगण्याची मुले तो शिकवीत होता, त्याच परगण्याला त्या दिवशी त्याने अडवून धरले होते. त्या वर्षीच्या सर्वोत्तम संघात त्याची निवड झाली ती याच नव्या जागेसाठी.

2004 साली तो टायरोनचा कर्णधार झाला. त्याच वर्षी 2 मार्चला, हृदयाची लय अकस्मात बिघडून, तो घरीच गेला. वय अवघे 24. त्याच्या नावाने निघालेला न्यास आज तरुण खेळाडूंच्या हृदयतपासणीचा पुरस्कार करतो. आयर्लंड आणि ऑस्ट्रेलिया यांच्यातील सामन्यांच्या करंडकालाही त्याचेच नाव आहे.

मला मात्र राहून राहून त्याचे ते मागे सरकणे आठवते. नको असलेल्या बदलीचा हुकूम हाती पडला की आपण किती दिवस धुमसत राहतो! तेवीस वर्षांच्या त्या पोराला उणेपुरे तीनच महिने मिळाले. त्यांत तो नवी जागा शिकला आणि आपल्या गावाचे देणे फेडून मोकळा झाला. आमच्या सेवापुस्तकातल्या गावांचे देणे अजून शिल्लक आहे.