उद्यमबागेतला कवडसा

टिळकवाडी मागे टाकून तिसरे रेल्वे गेट ओलांडले, की खानापूर रस्त्याला उद्यमबाग लागते. नावात बाग असली तरी आत फौंड्र्या, लेथ आणि कटिंग ऑइलचा वास. माझ्या बाबांनी इथे टर्नर म्हणून उभी हयात काढली. ते गेल्यानंतर प्रथमच, गेल्या महिन्यात, आईला घेऊन त्यांच्या शेडवर गेलो.

सकाळचे अकरा वाजले होते. पत्र्याच्या भोकातून उन्हाची तिरपी पट्टी नेमकी बाबांच्या लेथवर उतरली होती. तिच्यात धूळ तरंगत होती. आई माहेरची कानडी. ती हळूच म्हणाली, ‘‘बिसिलुकोलु!’’ म्हणजे उन्हाची काठी. आपला कवडसा.

मला ‘कागज के फूल’ आठवला. गुरुदत्तचा १९५९ चा हा चित्रपट, भारतातला पहिला सिनेमास्कोप. रिकाम्या स्टुडिओत नायक-नायिका दूर उभे आणि मध्ये वरून उतरलेला झोत. गाणे मागे चालू असते, पण दोघांचे ओठ मिटलेले. जे बोलायचे ते प्रकाशच बोलतो.

हा प्रसंग लागला की बाबा म्हणत, ‘‘दिव्याचा झोत पुढे फाकतो. हा फाकत नाही. हे ऊन आहे.’’ त्यांचे खरे होते. छायालेखक व्ही. के. मूर्ती यांनी बाहेर मोठा आरसा लावून ऊन आत घेतले आणि दुसऱ्या आरशाने हवे तिथे पाडले. अशी युक्ती कारखान्यातल्या माणसाला पटकन कळते.

मूर्ती म्हैसूरचे, हा आईचा अभिमान. गुरुदत्तही जन्माने बंगळूरचा. पण त्याची सिनेमातली उमेदवारी पुण्याच्या ‘प्रभात’मध्ये झाली, हे बाबांचे उत्तर. घरातले हे लटके भांडण कधी मिटले नाही. चित्रपट त्या वेळी पडला. मूर्तींना मात्र २००८ सालचा फाळके पुरस्कार मिळाला. छायालेखकाला मिळालेला तो पहिलाच.

मालक म्हणाले, पावसाळ्यापूर्वी पत्रे बदलणार. बदलायलाच हवेत; मशीनवर पाणी गळते. आईने मान डोलावली. मग पुढे होऊन तिने लेथवर हात ठेवला. बांगड्यांवर ऊन पडले. कवडसा सरकेपर्यंत आम्ही तिथेच थांबलो. दोघांपैकी कोणीच काही बोलले नाही.