मधल्या फ्रेम्स

जुन्या मूक फिल्ममधली माणसं कायम एसटी सुटल्यासारखी का पळतात? कारण साध्या गणिताचं आहे. त्या काळी कॅमेरा हाताने फिरवायचे आणि सेकंदाला साधारण १६ फ्रेम्स टिपल्या जायच्या. आज सिनेमा सेकंदाला २४ फ्रेम्सने चालतो. १६ची फिल्म २४ने दाखवली की माणूस दीडपट वेगाने चालणारच.

मी दिवसभर कोड लिहितो. माझी मैत्रीण माहितीपट एडिट करते. मागे तिच्याकडे एका जत्रेचं असं १६चं फुटेज आलं. तिच्या दिग्दर्शकाला ते मूळ वेगात, पण आजच्यासारखं सुळसुळीत हवं होतं. पीटर जॅक्सनच्या २०१८च्या ‘दे शॅल नॉट ग्रो ओल्ड’सारखं. त्यात पहिल्या महायुद्धाचं फुटेज २४वर आणलंय, रंगवलंय, सैनिकांचे ओठ वाचून त्यांना आवाजही दिलाय. बघताना शंभर वर्षं मधे उरतच नाहीत.

मीही सॉफ्टवेअर चालवलं. ते दोन फ्रेम्स बघतं, कुठला ठिपका कुठे सरकला याचा अंदाज बांधतं आणि मधलं चित्र तयार करतं. मला वाटायचं, १६ खऱ्या आणि ८ नव्या. पण मांडून बघा. फ्रेम्स समान अंतरावर हव्यात, त्यामुळे १६ आणि २४चे क्षण सेकंदात फक्त ८ वेळा जुळतात. म्हणजे २४ पैकी १६ चित्रं सॉफ्टवेअरने काढलेली. दोन तृतीयांश!

बैलगाडी सरकते तिथे याने काही बिघडत नाही. पण गर्दीत एक बाई होती. कॅमेऱ्याकडे बघते, मधून कुणीतरी आडवा जातो आणि पुढच्या फ्रेममध्ये तिने मान वळवलेली असते. मधल्या बनवलेल्या फ्रेममध्ये ती किंचित हसत होती. मूळ फुटेजमध्ये ते हसू कुठेच नाही. ती कोण, हे आम्हाला माहीत नाही. उद्या तिची पणती हे बघून म्हणेल, ‘आमची पणजी अशी हसायची.’ तिला खरं कोण सांगणार?

जॅक्सनच्याच फिल्ममधली एक गोष्ट मी मैत्रिणीला दाखवली. प्रत्यक्ष चढाईचं फुटेज नव्हतं, तिथे त्याने त्या काळच्या नियतकालिकांतली चित्रं वापरलीत. चित्र आहे हे प्रेक्षकाला दिसतं, त्यामुळे फसवणूक होत नाही. बनवलेली फ्रेम मात्र खऱ्या फ्रेमसारखीच दिसते.

शेवटी आम्ही जुना उपाय केला. एक फ्रेम एकदा, पुढची दोनदा. १६च्या २४ होतात, वेग बरोबर येतो आणि नवं चित्र एकही लागत नाही. दिग्दर्शक म्हणाले, ‘थोडं अडखळतंय.’

अडखळतंच. पण त्यातली प्रत्येक फ्रेम जत्रेतली आहे.