पाखरांचे नगर आणि एका रात्रीची बंदी

नाटक न आवडल्यास प्रेक्षकाने उठून जावे, हा रंगभूमीचा जुना रिवाज. परंतु नाटक उद्यापासून होऊच नये असे शासनाने फर्मावावे आणि त्याला कारण लोकांच्या धर्मभावनेचे द्यावे, असे घडले म्हणजे आम्हां श्रद्धावंतांची मोठी पंचाईत होते. आपल्या नावाने कोणीतरी रागावलेले असते, आणि आपण रागावलो आहोत की नाही हे आपल्याला कोणी विचारलेलेही नसते.

२९ ऑगस्ट १९५९ रोजी अथेन्स महोत्सवात असा प्रसंग घडला. हेरोडिस अ‍ॅटिकसच्या प्राचीन दगडी प्रेक्षागारात अ‍ॅरिस्टोफेनिसचे ‘पक्षी’ हे प्रहसन सादर झाले. दिग्दर्शक होते कारोलोस कून. एकच प्रयोग झाला; पुढील प्रयोग मंत्री कोन्स्तान्दिनोस त्सात्सोस यांनी रद्द केले.

कून यांचा जन्म १९०८ साली बुर्सा येथे झाला व बालपण इस्तंबूलमध्ये गेले. अथेन्सला आल्यावर ते एका महाविद्यालयात इंग्रजी शिकवू लागले आणि विद्यार्थ्यांना घेऊन प्राचीन नाटके बसवू लागले. १९३४ साली चित्रकार यानिस त्सारूखिस यांच्या सोबतीने त्यांनी ‘लोकरंगमंच’ काढला. विद्वानांच्या ग्रीसपेक्षा खेड्यापाड्यांतला ग्रीस त्यांना जवळचा वाटे. भिंतीवरची चित्रे, सावल्यांच्या बाहुल्यांचे खेळ, जत्रेतली गाणी आणि देवळातला स्तोत्रगानाचा सूर यांतूनच जुने नाटक पुन्हा जिवंत होईल, अशी त्यांची धारणा होती.

पुढे महायुद्ध आले. १९४१-४२ च्या हिवाळ्यात परकीय सैन्याच्या ताब्यातील अथेन्समध्ये माणसे रस्त्यावर भुकेने मरत होती. त्याच वर्षी, ऑक्टोबर १९४२ मध्ये, कून यांनी ‘थेआत्रो तेख्निस’, म्हणजे कलेची रंगभूमी, स्थापन केली व इब्सेनच्या ‘वाइल्ड डक’ने तिचा पडदा उघडला. पोटात अन्न नसताना नाटक कशाला, असे कोणी विचारील. आम्हाला तर वाटते, त्या दिवसांत माणूस म्हणून ताठ उभे राहण्याच्या ज्या थोड्या जागा उरल्या होत्या, त्यांतली ती एक होती. युद्धानंतर लॉर्का, टेनेसी विल्यम्स, ब्रेख्त, पुढे बेकेट व आयोनेस्को हे ग्रीक प्रेक्षकांच्या ओळखीचे झाले त्यात कून यांचा वाटा मोठा. १९४९ च्या ‘स्ट्रीटकार’मधील मेलिना मर्कुरी पुढे जगप्रसिद्ध झाल्या. पैशाअभावी मंडळी एकदा विखुरलीही. १९५४ साली ती पुन्हा उभी राहिली ती एका इमारतीच्या तळघरात, जिथे प्रेक्षक नटांच्या भोवती बसत.

आता त्या पाखरांकडे वळू. मूळ प्रहसन इ.स.पू. ४१४ मधले. खटल्यांना व कटकटींना विटलेले दोन अथेन्सवासी पक्ष्यांकडे जातात आणि आकाश व पृथ्वी यांच्या मध्ये एक नगर वसवितात. नगराच्या स्थापनेसाठी पुरोहित येतो. तो इतक्या पक्षीदेवतांना आवाहन करीत सुटतो की यजमान वैतागतो: बळीचे बकरे इतके किडकिडीत, की एकटी घारच ते उचलून नेईल! आणि तो पुरोहिताला हाकलून देतो. झाले एवढेच. परंतु कून यांच्या प्रयोगातील पुरोहिताचा सूर ऑर्थोडॉक्स चर्चच्या उपासनेतील होता. प्रेक्षकांत गोंधळ उडाला.

येथे आम्ही थोडे थांबतो. ज्या सुरात आई-वडिलांच्या अंत्यविधीची प्रार्थना ऐकली, तोच सूर प्रहसनात कानी पडला तर काळजात काही हलणारच. ते दुखणे खोटे म्हणण्याचा अधिकार कोणा कलावंताला नाही. पण दुखावलेला भाविक आणि आदेश काढणारा मंत्री या दोन वेगळ्या व्यक्ती. ग्रीसमधील यादवी युद्ध १९४९ मध्ये संपले होते. दहा वर्षांनंतरही डाव्यांविषयीचा संशय शासनाच्या मनातून गेलेला नव्हता, आणि या प्रहसनाचे अनुवादक वासिलिस रोटास डाव्या विचारांचे होते. तेव्हा धर्मभावनेच्या झग्याखाली दुसरेही काही झाकले गेले असावे, असे आमचे मत. शिवाय ज्या सुराची टिंगल झाली म्हणतात, तो सूर कून यांनी प्रेमाने उचलला होता. तोच त्यांना आपल्या लोकांचा सर्वांत जुना आवाज वाटत असे. आमच्या धर्मग्रामातील सणाच्या नाटकांतही लोभी उपाध्या येतो, आणि पहिल्या रांगेत बसलेले फादर सर्वांआधी हसतात. हसणाऱ्या धर्मगुरूची श्रद्धा कमी झालेली आम्ही पाहिली नाही.

कून यांनी नाटक सोडले नाही. त्सारूखिस यांची वेशभूषा व मानोस हाजिदाकिस यांचे संगीत यांनी सजलेले ते ‘पक्षी’ १९६२ साली पॅरिसच्या राष्ट्रांच्या रंगभूमी महोत्सवात गेले आणि पहिले पारितोषिक घेऊन आले. १९६७ मध्ये स्ट्रॅटफर्डला रॉयल शेक्सपिअर कंपनीसाठी त्यांनी ‘रोमिओ अँड ज्युलिएट’ बसविले; त्याच वर्षी मायदेशी लष्कराने सत्ता घेतली, ती १९७४ पर्यंत टिकली. एपिडॉरसचे विशाल प्राचीन प्रेक्षागार तोवर राष्ट्रीय नाट्यसंस्थेच्याच हाती होते. १९७५ साली ते इतरांना खुले झाले, तेव्हा कून तेथे घेऊन गेले ते हेच नाटक.

फेब्रुवारी १९८७ मध्ये ते वारले. त्यांची नाट्यसंस्था आता त्यांच्याच नावाने ओळखली जाते.