म्हाळसेचं घर

पावसाळा नुकता लागला होता. बाल्कनीतल्या कढीपत्त्यावर ती सापडली. बोटाच्या पेराएवढी, पानासारखी हिरवी, पुढचे पाय जोडून बसलेली. मी म्हटलं, "प्रार्थनाकीटक." आई म्हणाली, "खंडोबाचा किडा आहे तो. मारू नका हं!" मारणार कोण होतं? लेकीनं तिथल्या तिथे नाव ठेवलं, म्हाळसा. पुढे मोठी झाल्यावर पोटाखालची वळी मोजली, ती सहा भरली. नराला आठ असतात. नाव चुकलं नव्हतं.

पहिलं घर लोणच्याच्या रिकाम्या प्लॅस्टिकच्या बरणीचं. झाकणाला भोकं, आत एक डहाळी, की झालं! खायला केळ्यावरची चिलटं. त्यासाठी काळं पडलेलं केळं ओट्यावर राखून ठेवायचं, आणि तेही आमच्या शाकाहारी घरात. आईनं आठवडाभर तोंड वाकडं केलं, मग स्वतःच केळं मागे ठेवू लागली.

चूक बरणीत होती. हा प्राणी कात टाकताना उलटा लटकतो आणि जुन्या कातीतून खाली सरकत बाहेर येतो. वर पायांना पकड हवी, खाली मोकळी जागा. गुळगुळीत झाकणावर तिचे पाय निसटले आणि ती अर्ध्यातच पडली. मधला डावा पाय वाकडा राहिला. त्या रात्री मी जेवले नाही, हे लिहायला आता लाज वाटते.

मग धान्याचा उभा डबा घेतला, फूटभर उंच. तिच्या लांबीच्या तिप्पट उंची आणि दुप्पट रुंदी, एवढं हिशेबात धरलं. झाकण आणि एक बाजू कापून मच्छरदाणीचा तुकडा ताणून चिकटवला. हवाही खेळली, पायांना पकडही मिळाली. तळाला ओलसर कोकोपीट. पाण्याची वाटी नाहीच. रोज संध्याकाळी जाळीवर फवारा मारायचा, थेंब ती चाटून प्यायची. कात जवळ आली की खाणं सोडायची, तेव्हा आत काही सोडायचं नाही. नाकतोडा तिलाच कुरतडायचा. पुढच्या दोन कातींत पाय सरळ झाला.

लेकीला जोडीला आणखी एक हवी होती. आई म्हणाली, "बाणाई आणू नकोस गं, इथे एक दुसरीला खाऊन टाकेल." अगदी खरं होतं ते.

दसऱ्याच्या सुमारास पंख फुटले. काही आठवड्यांनी एका रात्री तिनं फेस सोडून अंड्यांची वडी केली, नेमकी झाकणाच्या कडेवर. सकाळी ती वाळून घट्ट. नर भेटलेला नव्हता, पिल्लं निघणार नव्हती. तरी झाकण उघडायला वडी फोडायचा धीर झाला नाही. बाजूची जाळी थोडी उसवून चिमट्यानं पतंग देत राहिलो.

एरवी डब्यापाशी गेलं की ती मान वळवून बघायची. डिसेंबरात एके सकाळी तिनं वळवली नाही. लटकलेली मात्र होती जाळीलाच.