पाण्यात उरलेलं गाणं

ऑक्सफर्ड, सोमवार

ब्रॉड स्ट्रीटवरच्या जुन्या अ‍ॅशमोलियन इमारतीत आता विज्ञानाच्या इतिहासाचं संग्रहालय आहे. लोक इथे जुनी उपकरणं बघायला येतात. मी आले ती दुसऱ्याच ओढीने. पहिल्या महायुद्धानंतर ऑक्सफर्डच्या इंग्रजी शब्दकोशाचं काम या इमारतीत चालायचं. सोमच्या आघाडीवरून खंदकज्वर घेऊन परतलेले, पुढे ‘लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ लिहिणारे जे. आर. आर. टोल्किन इथे नोकरीला होते. ‘वॉटर’ हा शब्द कुठून आला, हे शोधण्याचं काम त्यांच्याकडे होतं. त्याच सुमारास, 1918 ते 1920 मध्ये, त्यांनी आपल्या कल्पित जगाची उत्पत्तिकथा लिहिली: ‘आयनूरांचं संगीत’. ती छापून आली थेट 1977 साली, ‘द सिल्मरिलियन’मध्ये, त्यांच्या मृत्यूनंतर.

या कथेत जग गाण्यातून निर्माण होतं. इलुवतार हा आदिपुरुष आपल्या मनातून आयनूर घडवतो आणि त्यांना गायला लावतो. सुरुवातीला एकेक जण गातो, बाकीचे ऐकतात. कारण प्रत्येकाला इलुवतारच्या मनाचा तेवढाच कोपरा कळतो, जिथून तो स्वतः आला. ऐकता ऐकता ते एकमेकांना कळू लागतात, आणि मग सगळे मिळून गातात. गुरूसमोर बसून गाणं शिकलेल्या माणसाला हा क्रम सांगावा लागणार नाही.

मेल्कोर हा त्यांतला सर्वांत बलाढ्य. तो मध्येच स्वतःचं काही घुसवतो. दिंडीत एकाचा टाळ चुकला की शेजारच्या दोघातिघांचा ठेका डळमळतो, तसं होतं. जवळचे काही खचून गप्प होतात, काही त्याच्याशीच सूर जुळवतात. इलुवतार त्याला गप्प करत नाही. तो दुसरी धून सुरू करतो, मग तिसरी. तिसरी संथ आणि खोल आहे, अपार दुःखाने भरलेली, आणि तिचं सौंदर्य त्या दुःखातूनच येतं. मेल्कोरचा गोंगाट, मोजक्या स्वरांवर रेटलेला, तिला बुडवायला धावतो. ती त्याचेच सर्वांत विजयी स्वर उचलते आणि स्वतःत विणून घेते. वाईटाचं काय करायचं, याचं इतकं नेमकं, सुरांतलं उत्तर मी दुसऱ्या कुठल्याही उत्पत्तिकथेत वाचलेलं नाही.

मंगळवार

सकाळपासून पाऊस. इथे शिकणारी माझी भाची सोबत होती. मॉडलिन कॉलेजच्या आवारातल्या अ‍ॅडिसन्स वॉकवर गेलो. चेरवेल नदीच्या कडेने झाडांखालून जाणारी ही पायवाट. सप्टेंबर 1931 मध्ये टोल्किन आणि त्यांचे मित्र सी. एस. लुइस व ह्यूगो डायसन रात्री इथे फिरत होते. पुराणकथा खोट्या असतात की त्यांत सत्य असतं, यावर त्यांचा वाद रंगला होता.

पानांवरचं पाणी नदीत टपटपत होतं. मोठ्या थेंबाचं वर्तुळ पसरायच्या आत लहान थेंबांची चार उमटून जायची. टोल्किनच्या जगातलं मला सर्वांत प्रिय गूढ इथेच आठवायचं होतं. एल्फ लोक सांगतात, आयनूरांच्या गाण्याचा पडसाद पृथ्वीवर सगळ्यात जास्त उरलाय तो पाण्यात. म्हणून समुद्राची गाज कितीही ऐकली तरी माणसाचं मन भरत नाही, आणि आपण नक्की काय ऐकतोय हे त्याला कळत नाही. हर्णै किंवा वेंगुर्ल्याच्या किनाऱ्यावर तिन्हीसांजेला बसलेल्या कुणालाही हे सांगून बघा.

पाण्याचा अधिपती उल्मो. मेल्कोरने कडाक्याची थंडी सोडून त्याच्या पाण्यावर घाला घातला, त्यातून हिमकण जन्मले. बेफाम आग लावली, त्यातून वाफ, ढग आणि पाऊस झाला. इलुवतार हे उल्मोला दाखवतो, तेव्हा तो कबूल करतो की पाणी आपण मनात आणलं होतं त्याहून सुंदर झालं. मृगाकडे डोळे लावून बसणाऱ्या आपल्या मुलखात ही कथा जास्त खोल उतरायला हवी.

“म्हणजे मावशी, पाऊस मेल्कोरमुळे?” भाचीने विचारलं.

“तो असूनही. आणि त्याच्यामुळेही.”

बुधवार

20 नॉर्थमूर रोड बाहेरूनच पाहिलं. ‘हॉबिट’ आणि ‘लॉर्ड ऑफ द रिंग्ज’चा मोठा भाग या घरात लिहून झाला. निळी पाटी आहे, लोक राहतात, म्हणून फार रेंगाळले नाही.

गुरुवार

वुल्व्हरकोटचं कब्रस्तान. करड्या ग्रॅनाइटवर दोन नावं: एडिथ मेरी टोल्किन, खाली ‘ल्यूथियन’, 1889–1971, आणि जॉन रोनाल्ड रूएल टोल्किन, खाली ‘बेरेन’, 1892–1973. ल्यूथियन आणि बेरेन हे टोल्किनच्याच कथेतले प्रेमिक: ती एल्फ, तो माणूस. 

एडिथ पियानो छान वाजवायची. बर्मिंगहॅमला ज्या घरी दोघं पोरकी मुलं भाड्याने राहत होती, तिथल्या घरमालकिणीला पाहुण्यांसमोर तिचं वादन हवं असायचं; पण ती रियाजाला बसली की बाई येऊन थांबवायच्या. पियानोशिक्षिका व्हायचं तिचं राहूनच गेलं. याचा मला फार राग येतो. 1917 मध्ये यॉर्कशायरच्या रूस गावाजवळच्या रानात ती पतीसाठी नाचली आणि त्यातून कथेतली ल्यूथियन जन्मली. मेलेल्या बेरेनसाठी ही ल्यूथियन मृतांचा स्वामी मांडोस याच्यापुढे गाते. एल्फांचा शोक आणि माणसांचं दुःख अशा दोन धुना ती एकत्र गुंफते, आणि कधीच न द्रवलेला मांडोस द्रवतो. ज्या मुलीचा रियाज थांबवला जायचा, तिच्या वाट्याला टोल्किननी आपल्या जगातलं सर्वांत समर्थ गाणं दिलं.

उद्या सकाळच्या गाडीने बर्मिंगहॅम. आधी सेअरहोलची पाणचक्की. टोल्किनच्या बालपणाची काही वर्षं तिच्या आसपास गेली.

(क्रमशः)